गिरजाबाईंची कवळी कोणाच्या खात्यात?

माणूस म्हातारा झाला की त्याचे आपोआप दोन भाग पडतात : देह आणि मालमत्ता. म्हणून शहाण्या समाजात पालकही दोन लागतात. देहाचा पालक म्हाताऱ्याला काय खायला घालायचं ते ठरवतो. मालमत्तेचा पालक म्हाताऱ्याचं काय खायचं ते ठरवतो. शंभरातल्या नव्वदांना हा फरक ठाऊक नसतो. (उरलेले दहा वारस असतात.)

नवी मुंबईतल्या करावे गावच्या गिरजाबाईंचं डोकं फिरल्याचं निदान घरच्या घरीच झालं. त्यांच्या नावावरचा उलव्याचा प्लॉट विकायला त्या सारख्या "नाय" म्हणत होत्या. अहो, एवढा भाव चालू असताना धडधाकट माणूस नाही म्हणेल का? तेव्हा ओळखीतले वकील नंदकिशोर यांच्या सल्ल्याने मुलांनी वाटणी केली. थोरल्या अंकुशला मालमत्ता, धाकट्या कुंदनला आई. (कोर्टाचं नंतर बघू म्हणाले. घरातली गोष्ट चव्हाट्यावर कशाला?) गिरजाबाई तेव्हा कालवणासाठी चिंबोऱ्या (म्हणजे खेकडे) साफ करत होत्या, म्हणून त्यांना विचारायचा त्रास दिला नाही.

घोळ झाला जेवताना. गिरजाबाईंनी धुवायला काढून ठेवलेली कवळी मागितली, तर ती अंकुशने कपाटात कुलूपबंद केलेली. तोंडाबाहेरची वस्तू म्हणजे मालमत्ता, असं त्याचं म्हणणं.

कुंदन खवळला. "दात म्हंजे बॉडी पार्ट, दादा! माझ्या खात्यात येतात."

"मग चिंबोरीला हात लावू नको. आई गिळत नाय तोपर्यंत ती माझ्या खात्यात."

वकिलांना फोन लावला. त्यांनी सखोल विचार करून (मागे कुकरच्या शिट्ट्या चालू होत्या) निर्णय दिला : कवळी तोंडात असेल तर देह, वाटीत असेल तर मालमत्ता, आणि वाद चालू असेल तर जैसे थे.

"मेल्यांनो, माजे दात हायेत ते! भूक लागलीय मना, कालवन थंड झालं!" गिरजाबाई ओरडल्या.

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. एका कवळीसाठी एवढा थयथयाट! निदान पक्कं झालं. मग कुंदनने देहाला मऊ भात भरवला. कालवण वाया जाऊ नये म्हणून दोघा भावांनी निम्मं निम्मं खाल्लं. आईच्या हाताची चव मात्र अजून शाबूत आहे, यावर दोघांचं एकमत झालं.

हसलात? हसा, दात तुमच्याच ताब्यात आहेत. फक्त एवढं सांगा, तुमच्या आईचं एटीएम कार्ड सध्या कोणाच्या खिशात आहे? आणि "तिला काय कळतंय" असं घरात पहिल्यांदा कोण म्हणालं होतं?