तोंडवलीचा निष्कांचन नवरा

नवऱ्याचं उत्पन्न ही निसर्गातली अत्यंत नाजूक वस्तू आहे. लग्न ठरताना ती फुगते आणि घटस्फोटाच्या अर्जावर तिकीट चिकटलं की दिसेनाशी होते. कोर्टासमोर माझं टायपिंगचं दुकान असल्यामुळे हा चमत्कार मी नेहमी जवळून पाहतो. पण तोंडवलीच्या विकीइतका कसोशीने निष्कांचन झालेला तरुण दुसरा पाहिला नाही.

विकी पर्यटकांना होडीतून डॉल्फिन दाखवतो (न दिसल्यास, डॉल्फिन काल जिथे दिसला होता ती जागा दाखवतो). त्याने कुडाळला दुसरं बिऱ्हाड थाटलं, आणि मग बायकोशी, सलोनीशी, आपला स्वभाव जुळत नाही हे त्याच्या लक्षात आलं. सहा वर्षांच्या अवनीला घेऊन सलोनी बापाच्या घरी गेली आणि डोक्यावर पाटी घेऊन मासे विकू लागली. विकीने घटस्फोट मागितला. तिने स्वतःसाठी आणि मुलीसाठी महिना आठ हजार पोटगी मागितली.

अशा वेळी दोघांनी आपापली कमाई आणि मालमत्ता शपथेवर लिहून द्यायची असते. विकीचं प्रतिज्ञापत्र मीच टाइप केलं. एवढं वैराग्य मी मठातही पाहिलेलं नाही. होडी आईच्या, म्हणजे गोदूबाईच्या नावावर. पर्यटकांना द्यायच्या दोन खोल्या मामाच्या. मोटारसायकल मित्राची. गळ्यातली साखळी खोटी. उत्पन्न निरंक. ‘आईच्या दयेवर जगतो’ हे वाक्य त्याने स्वतः सुचवलं आणि टाइप झाल्यावर महागड्या मोबाइलवर (भावाचा) त्याचा फोटोही काढून घेतला.

सलोनीकडे एक पाटी, एक सुरा आणि काच फुटलेला मोबाइल निघाला. म्हणजे दोघांत श्रीमंत तीच. विकीच्या गुरुदास वकिलांनी हे बरोबर हेरलं.

“तुम्ही रोज मासे विकता. म्हणजे स्वतःच्या पायावर उभ्या आहात?”

“उभीच असते, साहेब,” सलोनी म्हणाली. “बाजारात बसायला जागा नाही.” (कोर्टात आमची माणसं पुस्तकी मराठी बोलतात. त्यामुळे दुःखही इस्त्री केल्यासारखं दिसतं.)

“मुलीच्या जेवणाचा खर्च लावलाय. घरात मासे असतातच की!”

“चांगले असतात ते विकते. उरतात ते आम्ही खातो. काल उरले नाहीत.”

मग वकिलांनी पावसाळ्यात होड्या बंद असतात, याकडे लक्ष वेधलं. मुद्दा बिनतोड होता. मुलीची भूक पावसाळ्यात बंद ठेवण्याचं परिपत्रक अजून निघालेलं नाही, हा प्रशासनाचा दोष. शेवटी न्यायाधीशबाईंनी सलोनीकडे विकीच्या कमाईचा पुरावा मागितला. पावती, बँकेतली नोंद, काहीतरी. काहीच नव्हतं.

मग विकीने आईलाच साक्षीला उभं केलं.

“होडी तुमची?” न्यायाधीशबाईंनी विचारलं.

“होय, माजीच,” गोदूबाई कोर्टातही घरच्याच मालवणीत म्हणाल्या. “माज्या झिलान, ह्या विकीन, माका कालच सांगितल्यान.”

“मग धंद्याचे पैसे तुम्हाला मिळत असतील?”

“माका खंयचे? ते विकी घेता. सुट्टेत दिवसाक चार-पाच हजार तरी गावतत त्येका.”

गुरुदास वकिलांनी पाणी मागितलं.

महिना पाच हजारांचा हुकूम झाला. तीन मुलीला, दोन बायकोला (यात दूध, शाळा, औषध, चपला आणि स्वाभिमान समाविष्ट). विकीने रिवाजाप्रमाणे पैसे दिले नाहीत. पोटगी मिळत नाही म्हणून वेगळा अर्ज करायला सलोनी माझ्या दुकानात आली, तेव्हा तापाने फणफणलेली अवनी तिच्या खांद्यावर होती. ही बातमी गोदूबाईंपर्यंत पोचली. दुसऱ्या दिवशी त्या थेट किनाऱ्यावर गेल्या. होडीत पर्यटक जॅकेटं घालून बसले होते.

“चावी दी हकडे.”

“आये, गिरायका बसली आसत!” विकी ओरडला.

“होडी माजी आसा. कोर्टात तूच सांगितलंस मां? खलाशी म्हणान रवतलंस तर पगार देतंय.”

शपथेवर लिहून दिलेलं खरं मानणारी बाई त्याला प्रथमच भेटली होती. तो खलाशी म्हणून राहिला. आता दर महिन्याला गोदूबाई स्वतः सुनेला पैसे नेऊन देतात. पहिल्यांदा नोटा हातात आल्या तेव्हा सलोनी दारातच बसून रडली. कोर्टात तिला तेवढा वेळ मिळाला नव्हता.

लोक मला अजून विचारतात, एवढं कमावणाऱ्या माणसाविरुद्ध कागदाचा एक चिटोराही कसा सापडला नाही? याचं सगळं श्रेय विकीला देणं अन्यायाचं होईल. गेल्या डिसेंबरात तुम्हीही त्या होडीत सहकुटुंब बसला होता. पावती हवी का, असं त्याने विचारलं होतं. “पावती राहू दे रे, दोनशे कमी कर,” असं तुम्हीच म्हणालात.