कर्नल मेपल यांचा अल्प परिचय

दिवाळीच्या कार्यक्रमाचे प्रमुख पाहुणे प्राध्यापक दामले यांचा घसा त्याच दिवशी सकाळी बसला. ते लेस्टरहून येऊन ‘मौनाचे सामर्थ्य’ या विषयावर तासभर बोलणार होते. फोन त्यांच्या पत्नीने केला आणि “हे आता खुणांनीच सांगतायत” एवढं बोलून ठेवून दिला. इंग्लंडमधल्या मिल्टन कीन्सच्या मराठी मंडळात या बातमीने कुणाचा घास अडला नाही. अध्यक्षा अनुराधाबाई तर “बरं झालं, जेवणं वेळेवर होतील” असंही म्हणाल्या. हादरला तो एकटा उल्हास कारखानीस.

मंडळात पाहुण्यांचा परिचय करून देण्याचं काम उल्हासचं. हौस म्हणून सुरू झालेलं हे काम पुढे हक्क झालं होतं. माणसाची चौकशी करणं हा त्याचा श्वास होता. लंडनच्या यूस्टन स्टेशनला जाणाऱ्या ट्रेनमध्ये शेजारी बसलेल्या गोऱ्या माणसाला हा भावंडं किती, आई कुठली, असं विचारायचा. तो माणूस आधी पेपरमागे लपायचा, मग पेपर खाली घ्यायचा, आणि यूस्टन येईपर्यंत धाकट्या बहिणीशी का बोलत नाही तेही सांगून टाकायचा. आजवर त्याला कुणी विचारलेलंच नसायचं.

अडचण अशी की जमवलेलं सगळं उल्हासला सांगायचंही असायचं. गणपतीत एक दंतवैद्य दातांच्या निगेवर बोलायला आले होते. उल्हासने त्यांचा परिचय त्यांच्या आजोबांपासून सुरू केला. दंतवैद्यांच्या हाती माईक आला तेव्हा आरतीचं निरांजन पेटलेलं होतं. ते “ब्रश करत जा” म्हणाले आणि खाली बसले.

तेव्हाच अनुराधाबाईंनी बजावलं होतं, “दिवाळीला शेवटची संधी. पाच मिनिटं. वर गेलात की संक्रांतीपासून माईक रश्मीकडे.” रश्मी नोकरभरतीच्या ऑफिसात होती. माणूस दोन ओळींत बसवण्याचाच तिला पगार होता.

“म्हणजे आता तुम्ही आपोआपच सुटलात,” अनुराधाबाई फोनवर म्हणाल्या. “पाहुणा नाही तर परिचय कसला? संक्रांतीपासून रश्मी बघेल.”

उल्हास फोन हातात धरून जिन्यावर बसला. त्याची बायको नंदा करंज्या डब्यात भरत होती. “अहो, माईक गेला म्हणजे जीव गेला नाही,” ती म्हणाली. उल्हासच्या चेहऱ्यावरून त्याला यात फारसा फरक दिसत नसावा.

तेवढ्यात दार उघडून तनू आत आली. तनू ही त्यांची मुलगी. जन्म इथला, मराठी घरापुरतं. तिच्यामागे दारात वाकून एक उंच, काळा, चाळिशीचा माणूस उभा होता. डोक्यावर टोपी, खांद्यावर बॅग, अंगात पातळ जाकीट.

“बाबा, हा डेरिल आहे. अमेरिकाचा रॅपर. स्टेजवर त्याचा नाव कर्नल मेपल. मी त्याचा म्युझिक इंटरनेटवर ऐकते. त्याची शो होता ब्लेचलीला, इथे जवळ, पण पबचा सीलिंग खाली आलं. उद्या सकाळी त्याची ग्लासगोची कोच, म्हणजे बस आहे. आज रात्र इथे राहू दे ना त्याला.”

नंदाने तोवर चिवड्याची वाटी पुढे केली होती. उल्हास जिन्यावरून उठला. बुडत्या माणसाने बोटीकडे पाहावं तसा तो डेरिलकडे पाहत होता.

“रॅपर म्हणजे कवीच ना?” त्याने तनूला विचारलं.

“Sort of.”

“अनुराधाबाई,” तो परत फोन लावून म्हणाला, “पाहुणे मिळाले. अमेरिकन कवी आहेत.”

मग त्याने डेरिलला सोफ्यावर बसवलं आणि खुर्ची समोर ओढली. बोलणं अर्थातच इंग्रजीत चाललं. पण प्रश्न अस्सल मराठी होते.

“कर्नल मेपल हे तुमचं नाव. सैन्यात होतात?”

“नाही. आजी मला कर्नल म्हणायची. सगळ्यांना हुकूम सोडायचो म्हणून. मेपल ही आमची गल्ली.”

“मूळ गाव?”

“टोलीडो, ओहायो.”

“शिक्षण?”

“शाळा सोडली. मग आठ वर्षं टायरच्या गोदामात.”

“गुरू?”

डेरिलने चिवडा खाणं थांबवलं. आजवर त्याला गाड्या विचारल्या गेल्या होत्या, भांडणं विचारली गेली होती. गुरू कुणी विचारला नव्हता. “मिसेस पर्किन्स,” तो म्हणाला. “चर्चमध्ये सूचना वाचायची. कुणाचं बारसं, कुणाची मयत, केकची विक्री. असं वाचायची की लोक प्रवचनाला झोपायचे आणि सूचनांना जागे व्हायचे.”

उल्हासने खुर्ची आणखी पुढे घेतली. “प्रकाशित साहित्य?”

“पाच अल्बम.”

“प्रकाशक?”

“मी.”

“विक्री कोण करतं?”

“मीच. गाडीच्या डिकीतून.”

“मॅनेजर तरी असेल.”

डेरिलने घसा खाकरला आणि एकदम नाकातून, पॉश आवाजात म्हणाला, “सायमन बोलतोय. कर्नल सध्या बिझी आहेत.” मग आपल्या आवाजात, “सायमनला लोक फोनवर उलटून बोलत नाहीत.”

उल्हास मागे रेलला. हा माणूस त्याला परका वाटेना. मंडळात दरवर्षी एक तरी कवी यायचा, ज्याच्या सुटकेसमध्ये दोन शर्ट आणि बाकी कवितासंग्रह असायचे.

“तुमच्या पलंगाखाली काय आहे?” त्याने विचारलं.

“सीडी.”

“आणि आईच्या घरी?”

“कॅसेट. पहिल्या अल्बमच्या. आई म्हणते, ख्रिसमस ट्री ठेवायला कोपरा उरला नाही.”

“कुणी मोठी कंपनी नाही आली?”

“आली होती एकदा. सगळं पसंत होतं त्यांना. फक्त म्हणाले, डेट्रॉइटचा आहेस असं सांग. टोलीडो कुणाला माहीत नाही.” डेरिलने खांदे उडवले. “पण मी टोलीडोचा आहे.”

उल्हासच्या डोळ्यांत पाणी उभं राहिलं. चाळीस वर्षं मिल्टन कीन्समध्ये काढूनही आपण मूळचे अमुक गावचे असं सांगणाऱ्या माणसांचं ते मंडळ होतं. करारावर पाणी सोडलं पण गाव सोडलं नाही, असा पाहुणा त्यांना आजवर लाभला नव्हता.

संध्याकाळी शाळेच्या हॉलमध्ये डेरिलचा सत्कार झाला. शाल जाकिटावरून घातली. नारळ हातात दिला, तो त्याने वजन अजमावून मांडीवर ठेवला. पुढच्या रांगेत अनुराधाबाई पूजेतली घंटा घेऊन बसल्या. दाराशी जेकबकाका किल्ल्या घेऊन उभे होते. ते शाळेचे केअरटेकर, वाढलेले भायखळ्याला मराठी बोलणाऱ्या ज्यूंच्या मोहल्ल्यात, त्यामुळे त्यांचं मराठी मंडळातल्यांपेक्षा चोख.

“कार्यक्रम कितीही रंगू दे,” ते सगळ्यांना सांगत होते. “साडेनऊला अलार्म आपोआप लागतो. मी माझ्या बापासाठीही थांबवू शकत नाही.”

उल्हासने माईक घेतला आणि मराठीत सुरू केलं. एरवी परिचय सुरू झाला की लोक पर्समध्ये काहीतरी शोधू लागायचे. आज मेपल गल्लीतच पर्स मिटल्या. मिसेस पर्किन्स आल्या तेव्हा मागची मुलंही गप्प झाली. उल्हास मात्र घंटेकडे डोळा ठेवून पळत होता, कारण संक्रांत त्याला समोर दिसत होती.

“स्थानिक रेडिओच्या स्पर्धेत कर्नलना दुसरं बक्षीस मिळालं. डबल बेडची गादी. ते राहत होते मावसभावाबरोबर एका खोलीत. गादी घरी आणली, पण ती दारातून आत जाईना...”

घंटा वाजली.

उल्हासने तोंड मिटलं. “माझी वेळ संपली,” असं म्हणून तो शिस्तीत खुर्चीकडे वळला. हॉलमध्ये कुणी टाळी वाजवली नाही. पहिल्या रांगेतले विष्णुकाका काठीवर पुढे झुकले.

“अहो, पण गादीचं काय झालं?”

“विष्णुकाका, नियम म्हणजे नियम,” अनुराधाबाई म्हणाल्या. मग त्यांनी घंटेकडे पाहिलं, डेरिलकडे पाहिलं. “खरंच, काय झालं हो? थोडक्यात सांगा.”

उल्हासला थोडक्यात सांगायला सांगणं म्हणजे पुराला हळू यायला सांगणं. गादी गॅरेजमध्ये गेली. भिंतीला उभी केली. तिच्यामुळे शेजाऱ्यांचा कुत्रा रेकॉर्डिंगमध्ये येईनासा झाला, आणि पहिला अल्बम त्या गादीसमोर झाला.

“मग झोपत कशावर होते?” अलकाताईंनी विचारलं.

“जमिनीवर.”

“बक्षीस मिळवून जमिनीवर,” कुणीतरी मागे म्हणालं. पाठोपाठ प्रश्नांची रांग लागली. आई एकटीच असते का? त्या डेट्रॉइटवाल्यांना काय उत्तर दिलं? लग्न? उल्हासने सगळं विचारून ठेवलं होतं, त्यामुळे त्याच्याकडे सगळ्याचं उत्तर होतं. “मी टोलीडोचा आहे” या वाक्याला तर टाळ्या थांबेनात. विष्णुकाकांनी चष्मा पुसला. स्टेजवर शाल पांघरलेल्या डेरिलला एक शब्द कळत नव्हता. फक्त मधूनमधून आपली गल्ली, आपली मिसेस पर्किन्स आणि आपलं गाव ऐकू येत होतं, आणि प्रत्येक वेळी हॉल हसत तरी होता नाहीतर सुस्कारत तरी.

“आता पुढे बोलत नाही,” उल्हास शेवटी म्हणाला. “कर्नलनाच ऐकू या.”

डेरिल उठला. नारळ खुर्चीवर ठेवला. माईक घेऊन त्याने “हॅपी दिवाळी” म्हटलं आणि पहिली ओळ म्हणायला श्वास भरला, एवढ्यात स्टेजवरचा दिवा गेला.

“साडेनऊ होत आलेत, आटपा,” अंधारातून जेकबकाकांचा आवाज आला. “मलाही ऐकायचं होतं. पण नोकरी आहे.”

जेवणाचे डबे कार पार्कमध्ये वाटले गेले. तिथेच तनूच्या गाडीच्या डिकीतून डेरिलच्या सीडी गेल्या, होत्या नव्हत्या तेवढ्या. रिकामी खोकी पाहून डेरिल गोंधळला.

“मी तर काहीच म्हटलं नाही,” तो तनूला म्हणाला.

“Maybe that’s why,” तनू म्हणाली.

अनुराधाबाई उल्हासशी न बोलता गाडीत बसल्या. तेव्हाच त्याने माईकवर पाणी सोडलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी डेरिल पोहे खात असताना अलकाताईंचा फोन आला. उल्हासने स्पीकर लावला.

“उल्हास, सीडी ऐकली. मुलं होती म्हणून बंद केली, मुलं गेल्यावर परत लावली. शिव्यांचं सोड, मी कोल्हापूरची आहे. पण त्यात गादी कुठाय रे?”

“म्हणजे?”

“नुसत्या गाड्या. हिरे. बंगल्यात पोहण्याचा तलाव. त्या माणसाला धड कोट नाही अंगावर. आई नाही, पर्किन्सबाई नाही, टोलीडो तर नावालाही नाही. आम्ही काल ज्याच्यासाठी रडलो तो माणूस कुठाय?”

तनूने आपल्या मराठीतून जमेल तेवढं इंग्रजी केलं. डेरिलने चमचा खाली ठेवला.

“गादीवरचं गाणं कोण ऐकणार?” तो म्हणाला.

“काल कोण ऐकत होतं?” उल्हासने विचारलं.

डेरिलने उरलेले पोहे संपवले आणि बॅग उचलली. त्याला ग्लासगोच्या बसला सोडायला उल्हासच गेला. नंदाने आपल्या मावसभावाचा जुना कोट डेरिलच्या अंगात घातला होता, बाह्या मनगटाच्या वरपर्यंतच येत होत्या. पायरीवर पाय ठेवून डेरिल मागे वळला आणि म्हणाला, “ते तुमचे प्रश्न. पहिल्यापासून परत सांगा.” उल्हासने सांगितले. मूळ गाव, आई, गुरू. ड्रायव्हरने दोनदा हॉर्न दिला तरी डेरिल ओठ हलवत ते पाठ करत होता.

इकडे अनुराधाबाईंची पंचाईत झाली होती. नियम मोडला म्हणून उल्हासचा माईक काढायचा, तर तो मोडायला त्यांनीच सांगितलं होतं. शिवाय जो भेटेल तो त्या परिचयाबद्दलच बोलत होता. पण बाईंनी पंधरा वर्षं मंडळ चालवलं होतं. डिसेंबरात त्या स्वतः उल्हासच्या घरी आल्या.

“संक्रांतीचे प्रमुख पाहुणे म्हणून कमिटीने तुमचं नाव ठरवलंय.”

उल्हास आनंदाने लाल झाला. बाई चहा घेऊन गेल्यावर नंदा कप उचलताना म्हणाली, “कळलं का काय केलं त्यांनी? पाहुण्याला स्वतःचा परिचय करून देता येत नाही.”

संक्रांतीला त्याच हॉलमध्ये उल्हास शाल पांघरून बसला. रश्मी उठली, पर्स खांद्याला तशीच. “श्री. उल्हास कारखानीस. मूळ सातारा. कॉम्प्युटरमध्ये आहेत. जोरदार टाळ्या.” आणि ती बसलीही.

उल्हास उभा राहिला. माईक त्याच्या हातात होता, वेळ तासाभराचा होता, आणि प्रमुख पाहुण्याला थांबवण्याची मंडळात पद्धत नव्हती. ‘परदेशातील मराठी माणूस’ हे भाषण त्याने दोन आठवडे घोकलं होतं. त्याने समोर पाहिलं. लोक पर्समध्ये काहीतरी शोधू लागले होते. मग त्याची नजर कडेच्या खुर्चीवरच्या रश्मीकडे गेली. सहा वर्षं ही बाई मंडळात येते, तिळगूळ वाटते, खुर्च्या मोजते, आणि तिच्याबद्दल आपल्याला काय माहीत आहे, तर नोकरभरती.

“मुख्य विषयाकडे वळण्याआधी,” तो म्हणाला, “माझा परिचय ज्यांनी करून दिला, त्यांचा परिचय तुम्हाला करून देणं माझं कर्तव्य आहे. रश्मी, तुझं मूळ गाव कुठलं गं?”

अनुराधाबाईंनी डोळे मिटले.

“माझं?” रश्मी गडबडली. तिने इकडेतिकडे पाहिलं. सगळा हॉल तिच्याकडे बघत होता. हळूच तिने खांद्यावरची पर्स काढून खाली जमिनीवर ठेवली.

“तसं सांगायला गेलं,” ती म्हणाली, “तर जरा लांबलचक आहे.”