पारूची भरपाई

त्या सकाळी आम्ही दोघं ओट्यावर बसून मोडाचे वाल सोलत होतो. पारू, म्हणजे माझी बायको, दाणा पातेल्यात टाकायची आणि साल माझ्या अंगावर. मधेच मान वर करून ओरडली, "इलास, मुदत संपली तुजी! जातोस का न्हाई?"

समोरून विलास ओरडला, "जातो मावशी, जागा बघतोय!"

दुपारी उसळ झाली. पहिली वाटी विलासला गेली. दुसऱ्या दिवशी पारू छातीत कळ येऊन गेली. मला नीट रडताही आलं नाही, घर माणसांनी भरलेलं.

कार्ल्याजवळ हायवेला लागून, आमच्या ओट्यासमोरच, तिच्या नावची जमिनीची पट्टी आहे. विलास तिथं मातीच्या कुंड्या विकतो. करार अकरा महिन्यांचा. तो कधीच संपला, पण विलास हलला नाही. वकील म्हणाला, मुदतीनंतर जागा अडवली तर भरपाई म्हणून दुप्पट भाडं घ्यायचं, करारातच आहे. विलासचं एकपटच रडत यायचं.

पारू त्याला म्हणाली, "पैसं न्हाईत? टेम्पो हाय न्हवं?"

झालं. भाडं पैशात, भरपाई टेम्पोत. तिची थोरली बहीण, अक्का, वर आंदर मावळात डोंगरात असते, डोळ्यानं दिसत नाही. तिकडं यष्टी नावालाच. दर आठवड्याला बाजाराच्या दिवशी विलासनं पारूला तिथं न्यायचं नि आणायचं. ही पुढच्या सीटवर मांडी घालून बसायची. टायर पंक्चर झाला की सांगायची, "ह्यो येळ भरपाईत धरायचा न्हाई." त्यानं हॉर्न मारून म्हशी हटवल्या, तर ही खाली उतरून म्हशींच्या बाजूनं भांडली.

तिला सगळ्याचीच मुदत संपलेली दिसायची. माझ्या सदऱ्याची, झाडूची, पाहुण्यांची. सदरा मात्र अजून अंगावर आहे, आणि पाहुणा जेवल्याशिवाय गेला नाही.

मी म्हणायचो, "ह्या भरपाईपायी आपलंच पीठ सरतंय. काढ त्याला."

"काढनारच हाय! आज कडक बोलते." आणि कडक म्हणजे काय, तर, "मुडद्या, भाकर गार झाली!"

तेरावं झाल्यावर मुलगा पुण्याला निघताना म्हणाला, पट्टी मोकळी करा, हॉटेलवाला मोठं भाडं देतोय. मलाही ते पटलं. रोज समोर विलास दिसला की ती आता ओरडेल असं वाटायचं, आणि ते सोसत नव्हतं. मी त्याला बोलावलं. "मालकीण गेली. आता भरपाईबी मिटली. जागा सोड."

त्यानं दिवसभर कुंड्या टेम्पोत भरल्या. संध्याकाळी फाटकाची किल्ली द्यायला आला नि उभाच राहिला.

"आबा, रागवू नका. जागा मला दोनदा गावलीती."

"मग गेला का न्हाईस?"

"मावशीनं जाऊ दिलं न्हाई. एकीला म्हणली सखल हाय, पानी भरंल. दुसरी झाडाखाली, तितं ऊन न्हाई म्हणली. मी म्हटलं, मावशी, कुंडीला ऊन कशाला? तर म्हणली, लय शाना झालास, आता हितंच ऱ्हा."

मला हसू आलं. ती गेल्यापासून पहिल्यांदा. रोज ओट्यावरून त्याला हाकलणारी हीच, आणि तो जाईल म्हणून घाबरलेलीही हीच. तो गेला असता, तर ही बहिणीकडं कशी गेली असती?

"मागल्या बाजाराला मी एकटाच वर अक्काकडं गेलतो," विलास म्हणाला. "अक्का म्हणली, पारू गेली, आता तूबी कशाला येशील?"

मी किल्ली घेतली नाही. म्हटलं, "टेम्पो हितंच ऱ्हाऊ दे. घरी जा. सकाळी ये."

सकाळी तो यायच्या आत मी टेम्पोतल्या कुंड्या खाली उतरवायला घेतल्या. दोन फुटल्या. विलास पळत आला.

"आबा, ह्ये काय चाललंय?"

"आज बाजार हाय का न्हाई?"

"व्हय."

"मग रिकामा टेम्पो घाट नीट चढंल. धर ह्या बाजूनं."

निम्म्याहून जास्त उतरल्या. पुढच्या सीटवर चढताना गुडघा आखडला, त्यानं हात दिला. हळूच विचारलं, "मग ती भरपाई?"

"चालू हाय. गाडी काढ."

अक्का दारातच बसली होती. टेम्पोचा आवाज ऐकून भिंतीला धरून उठली. मी लांबूनच मोठ्यानं म्हणालो, "अक्का, मी आलोय."