पान दोनशे तेरा

रविवारी सकाळी फेर्नांनं स्वतःचं पुस्तक वाचायचं ठरवलं. तिथेच घोळ झाला.

पुस्तक अस्तित्ववादी विचारवंतांवर होतं. सहाशे पानं, आठ वर्षांची मेहनत. माणूस स्वतः निवड करतो आणि तिची जबाबदारी दुसऱ्यावर ढकलू शकत नाही, हे त्यात चाळीस ठिकाणी सांगितलं होतं. पॅरिसमधल्या नव्या पुस्तकांसारखी याचीही पानं कडेला जोडलेली. वाचेल त्यानं सुरीनं कापत जायचं. फेर्नां कापत कापत दोनशे तेरावर आला आणि सुरी हातातून पडली.

‘माणसापुढे अखेर एकच प्रश्न उरतो,’ असं छापलं होतं. त्याखाली: ‘सोललेला ससा, मोठा. मोहरीची चटणी. साबण. आईच्या कोटाला चार काळी बटणं. विसरू नका!’

बायकोची, ओदेतची, बाजाराची यादी! हस्तलिखितात अडकून छापखान्यात गेलेली. (मुद्रितं त्यानं स्वतः तपासली होती. म्हणजे सही केली होती.)

“छापखानेवाला गाढव आहे!” फेर्नां ओरडला. जबाबदारी ढकलून झाल्यावर त्याला आठवलं, उद्या विद्यापीठात प्राध्यापकाच्या जागेसाठी मतदान, आणि उमेदवार तो स्वतः. निर्णायक मत विभागप्रमुख ब्रिझारसाहेबांचं. आणि त्यांच्याकडे पुस्तक दोन महिने पडून होतं.

तो धावत त्यांच्या घरी गेला. सही करता करता पान फाडायचं, असा बेत.

“साहेब, पुस्तकावर सही करायची राहिली होती.”

“या, या! अहो, शब्द न् शब्द वाचला! ते मधलं प्रकरण तर... काय सांगू!”

फेर्नांनं घाईघाईनं पुस्तक हातात घेतलं. त्यानं दोनशे तेरावं पान उघडायला घेतलं. उघडेना. पुढचं उघडेना, मागचंही उघडेना. सहाशे पानांत सुरी कुठेच लागली नव्हती.

“सुरी आणू का?” ब्रिझारबाईंनी विचारलं.

साहेब लालबुंद झाले. दारापर्यंत सोडायला आले आणि कानाशी पुटपुटले, “उद्या माझं मत तुम्हालाच. पण हे कुठं बोलू नका.”

फेर्नां तीन-तीन पायऱ्या ओलांडत घरी पोचला.

“ओदेत! जागा मिळालीच म्हण! माझं पुस्तक कुणीही वाचलेलं नाही!”

त्यानं तिच्यापुढे आपली प्रत धरली. ओदेतनं पान पाहिलं.

“अरे देवा, माझी यादी! त्या दिवशी हात हलवत परत आलात, आणि वर म्हणालात, तू यादी दिलीच नाहीस!”

“थांब. तू तर पुस्तक दोनदा वाचलंस ना?”

“दोनदा? दहादा वाचलंय. पहिलं पान. माझं नाव आहे त्यावर.”

तिनं पान दोनशे तेरा टर्रकन फाडलं आणि पिशवीबरोबर त्याच्या हातात दिलं.

“बाजार एकपर्यंत उघडा आहे. आणि या वेळी नीट वाचा.”