विचारासाठी घेतलेला विराम

सरकारी दूरचित्रवाणीने जनतेत विवेक वाढवायचे ठरवले आणि त्या कामी एका नटाची निवड केली. मालिकांत तो खाष्ट सासऱ्याच्या भूमिका करी. त्यामुळे लोक त्याचे ऐकतात, असा वरिष्ठांचा अनुभव होता. दर रविवारी त्याने ज्ञानोदयकाळातल्या युरोपीय तत्त्वज्ञांचे लेख वाचून दाखवायचे होते.

कार्यक्रम भलताच गाजला. कुणाच्याही सांगण्यावर डोळे मिटून विश्वास ठेवू नका, असे नटाने खर्जात सांगितले आणि लोकांनी त्यावर ताबडतोब विश्वास ठेवला. मुलीने कोणत्या शाखेला जावे, गुडघेदुखीवर काय चोळावे, हेही लोक त्याला विचारू लागले. तो उत्तरे देऊ लागला. घरी मीठ मागतानासुद्धा त्याची भुवई वर जाई.

एकदा जेवताना बायकोने सहज विचारले, "अहो, तुम्ही जे वाचता ते तुम्हाला पटतं का?"

दिग्दर्शकाने हा मुद्दा कधी काढलाच नव्हता.

पुढच्या रविवारी थेट प्रक्षेपणात तो एका वाक्यापाशी थांबला. थांबला तो थांबलाच. गळा दाटून आला असेल, असे समजून कॅमेरामनने चेहरा जवळून घेतला. दिग्दर्शक काचेपलीकडून हातवारे करत होता. अखेर पडद्यावर 'व्यत्ययाबद्दल क्षमस्व' झळकले.

केंद्राच्या संचालकांनी त्याला बोलावून खुलासा मागितला.

"विचार करत होतो," नट म्हणाला.

"कार्यक्रमात?"

"वाक्य तिथंच आलं ना, साहेब."

विचार करण्यास केंद्राची हरकत नाही, असे संचालकांनी समजावले; मात्र तो पूर्वपरवानगीने आणि स्वतःच्या वेळेत करावा. शिवाय प्रेक्षकांच्या तक्रारी गंभीर होत्या. त्या शांततेत घरोघरी माणसांना एकमेकांकडे पाहावे लागले. एका घरी तर नवरा-बायको बोलू लागले आणि प्रकरण वकिलापर्यंत गेले.

नटाला नारळ मिळाला. मालिकावाल्यांनीही हात आखडता घेतला, कारण मधेच विचार करणारा सासरा कुणाला परवडतो? तो घरी बसला. एका संध्याकाळी त्याने बायकोला कार्यक्रमातला एक लेख वाचून दाखवला. तिला तो पटला नाही. दोघे कडाकडा भांडले, आणि बऱ्याच वर्षांनी त्याला घरात बरे वाटले.

त्याच्या जागी आलेला नट कुठेही न अडखळता वाचतो. जुना नट त्या दिवशी वाक्य विसरला होता, यावर आता सर्वांचे एकमत आहे. आपलेही तेच मत असेल. इतक्यांचे आहे म्हटल्यावर ते तपासण्याची तसदी आपण घेऊ नये.