विरोध नोंदवून घ्या

आमचे बाबा पगाराच्या कागदावर अंगठा उठवायचे. शेजारच्या क्वार्टरमधले खडतकर काका सही करायचे आणि सहीखाली एक ओळ जास्तीची लिहायचे: 'माझा विरोध नोंदवून घ्यावा.' पगार मिळण्याला त्यांचा विरोध नव्हता. त्यासाठी दीड तास उन्हात रांग लावायला होता. हा विरोध ते दर महिन्याला नोंदवत आणि दर महिन्याला त्याच रांगेत उभे राहत.

त्या रांगेत त्यांच्या पुढे किंवा मागे बाबा असत. बाबा कारखान्याच्या ढलाई, म्हणजे ओतकाम, विभागात हेल्पर होते. वर्धा जिल्ह्यातल्या गावाहून भोपाळला आले ते एक सतरंजी आणि पाण्याचा एक पितळी गुंड घेऊन. दीड खोलीच्या क्वार्टरमध्ये आम्ही सहा जण. आई रेल्वे लाइनीकडच्या राखेच्या ढिगातून अर्धवट जळालेले कोळसे वेचून आणी, त्यावर शेगडी पेटे. मला आणि धाकट्या बहिणीला मिळून शाळेचा एकच निळा स्कर्ट होता. माझी शाळा सकाळची, तिची दुपारची. बाराचा भोंगा झाला की मी इंद्रपुरीच्या बाजूने पळत सुटायची, कारण घरी ती परकरात उभी असायची. हे मी लाजून सांगत नाही. आमचं असंच होतं.

तर खडतकर काका. कारखान्यात कामगार आणि अधिकारी यांच्या बैठका होत, त्यांचं इतिवृत्त लिहिणं हे काकांचं काम. इतकी वर्षं त्यांनी दुसऱ्यांचं बोलणं लिहिलं आणि प्रत्येक बैठकीच्या शेवटी 'ठराव सर्वानुमते मंजूर' असं लिहिलं. त्या एका शब्दाने त्यांचं डोकं फिरवलं होतं.

"सर्वानुमते म्हणजे काय, माहीत आहे का बाई?" ते मला विचारत. मी तेव्हा सातवीत. "सर्वानुमते म्हणजे दोघं बोलले आणि बाकीच्यांना घरी जायचं होतं."

म्हणून कारखान्याबाहेर, जिथे लिहिण्याची सक्ती नव्हती तिथे, काकांनी स्वतःचं रजिस्टर ठेवलं होतं. लाल कापडी पाठीचं, जाडजूड. विषय, उपस्थिती, निर्णय, विरोध, असे चार रकाने. चौथा रकाना कधी रिकामा नसे.

काकूंनी बिट्टन मार्केटच्या बाजारातून दोडके आणले की संध्याकाळी नोंद व्हायची. विषय: दोडके. उपस्थिती: दोन. निर्णय: भाजी करणे. विरोध: एक.

"नोंद झाली असेल तर ताटावर बसा," काकू म्हणायच्या.

काका बसत आणि दोडक्याची भाजी दोनदा मागून घेत. त्यांचं तत्त्व ठरलेलं होतं. "विरोध म्हणजे अडवणूक नव्हे. विरोध म्हणजे नोंद."

हे तत्त्व कळायला लोकांना वेळ लागायचा. काकांच्या स्वतःच्या लग्नात सासऱ्यांनी जावयाला सायकल दिली. भर मांडवात, मुंडावळ्या बांधलेल्या अवस्थेत, काका उभे राहिले आणि म्हणाले, "माझा विरोध आहे."

"विरोध सायकलीला होता हो," काकू सांगायच्या, "पण मांडवात कोणाला काय कळणार! माझ्या आईने तिथेच रडायला सुरुवात केली. भटजी मंगलाष्टकं थांबवून सामान आवरायला लागले. आणि हे शांतपणे म्हणतात, चालू द्या, नोंद झाली."

सायकल परत गेली. काका आयुष्यभर पायी कारखान्यात गेले. हुंड्याविरुद्ध भाषण करणारे आमच्या टाऊनशिपमध्ये पुष्कळ होते. ते स्कूटरवरून यायचे.

त्या काळी देशात जो काही वाद पेटे, तो दुसऱ्या दिवशी सकाळी वर्तमानपत्रातून आमच्या पुलियावर येऊन बसे. नाल्यावरची ती बुटकी पुलिया म्हणजे आमची संसद. आरक्षण असावं की नसावं, कारखाने सरकारने चालवावेत की शेठजींनी, बायकांनी नोकरी करावी का, सगळ्याचा निकाल तिथे दुसऱ्या शिफ्टच्या भोंग्याच्या आत लागायचा. शर्माजी आरक्षणाच्या विरोधात बोलले की काका त्यांच्या विरोधात. दुसऱ्या दिवशी मेश्राम बाजूने बोलले, तर काका त्यांच्याही विरोधात!

"खड़तकरजी, आख़िर आप हैं किस तरफ़?" शर्माजी वैतागून विचारत.

"जो लिखी नहीं जाती, उस तरफ़."

"अहो, पण काल तर तुम्ही माझं म्हणणं बरोबर म्हणालात," मेश्राम म्हणत.

"मताला विरोध नाही मेश्राम. कारणांना आहे. तुमची कारणं लेचीपेची आहेत. मी चांगली देतो, बसा."

आणि मेश्रामना बसावं लागे.

गणपतीत मराठी मंडळाच्या सभेत महाप्रसादाला मोतीचुराचे लाडू ठरले. काकांनी विरोध नोंदवला आणि पंगतीत चार लाडू खाल्ले. सेक्रेटरींनी टोमणा मारला, "काय खडतकर, विरोध मावळला वाटतं?"

"विरोध ठरावाला आहे," काका पाचवा उचलत म्हणाले, "लाडवाला कशाला शिक्षा?"

लोक त्यांना हसायचे. मीही हसायची. पण आमच्या घराला काकांची गरज होती. अंगठा उठवणाऱ्या माणसाला प्रत्येक कागदावर साक्षीदार लागतो. अंगठा ह्याच माणसाचा आहे, कागद त्याला वाचून दाखवला आहे, असं लिहून सही करणारा. बाबांचे साक्षीदार कायमचे काका. कागद ते खरोखर वाचून दाखवत, अगदी खालची बारीक अक्षरंसुद्धा. मग बाबांचा अंगठा, काकांची सही, आणि सहीखाली, कागद कसलाही असो, विरोध. बाबांच्या रेशनकार्डाच्या अर्जावरसुद्धा तो होता.

मी अकरावी, म्हणजे तेव्हाची हायर सेकंडरी, पास झाले. विज्ञान घेऊन. आमच्या घरात तोवर कोणी आठवीच्या पुढे गेलं नव्हतं. कॉलेजचा फॉर्म मी जवाहर चौकापर्यंत बसने आणि पुढे पायी जाऊन आणला आणि आईच्या ट्रंकेत ठेवला. फॉर्म भरायची शेवटची तारीख सोमवार होती. शनिवारी नागपूरचे मामा आले, आत्याला घेऊन. सोबत स्थळ होतं. मुलगा इटारसीला रेल्वेत.

रविवारी सकाळी आमच्या पुढच्या खोलीत बैठक बसली. मामा बोलले, आत्या बोलल्या. बाबा भिंतीला टेकून पायाचं बोट चोळत बसले होते. मी आत स्टोव्हवर चहा ठेवला होता आणि पंप मारायचं थांबवून ऐकत होते.

"पोरगी शिकून काय करून राहिली? कारखान्यात मोटर बांधते का?" आत्या म्हणाल्या.

"पोरगा पक्का नोकरीतला आहे, भाऊजी. असं स्थळ दरवाजात चालत येत नाही," मामा म्हणाले. त्यांनी लग्नाची यादी लिहूनच आणली होती. कोणी काय द्यायचं, तारीख कोणती, आणि सगळ्यात वर, 'सर्व नातलगांच्या एकमताने.' "घ्या, अंगठा लावा. मी संध्याकाळच्या गाडीने त्यांच्याकडे देऊन येतो."

"साक्षीले खडतकर भाऊले बोलवा लागते," बाबा एवढंच बोलले. सवयीने बोलले. त्या सवयीचे मी आजही उपकार मानते.

काका आले. बनियनवर शर्ट चढवून, काखेत लाल रजिस्टर. कागद घेतला, चष्मा लावला आणि पहिल्याच ओळीवर थांबले.

"एकमताने. हं. कोणाकोणाच्या?"

"घरच्यांच्या," मामा म्हणाले.

"जिच्याबद्दल ठराव आहे, ती सभासद उपस्थित दिसत नाही."

"अहो, ती चहा करते आहे!"

"सभासद चहा करत असताना झालेला ठराव मी कारखान्यातसुद्धा लिहिला नाही. बोलवा."

"हे आमचं घरगुती आहे, खडतकर साहेब," मामांचा आवाज चढला.

"म्हणून तर लेखी पाहिजे."

मी दारात येऊन उभी राहिले. हातात सांडशी. काकांनी रजिस्टर उघडलं, पेनचं टोपण काढलं. "बाई, तुझं मत."

मला बोलता येईना. खरं सांगते, वादविवादात शाळेची ढाल मिळवलेली मी, पण नुसती सांडशी उघडमीट करत राहिले. आत्या लगेच म्हणाल्या, "पाहा, गप्प आहे. म्हणजे आहे तिच्या मनात."

काका ताडकन उभे राहिले. त्यांना रागावलेलं मी त्याआधी कधी पाहिलं नव्हतं. "गप्प बसणं म्हणजे हो नव्हे!" ते ओरडले. "ते मी लिहिणार नाही. पुन्हा लिहिणार नाही!"

आत चहा उतू गेला, त्याचा चर्र आवाज सगळ्यांनी ऐकला.

"मले कॉलेजात जायचं आहे," मी म्हणाले. "उद्या शेवटची तारीख आहे."

काकांनी ते जसंच्या तसं लिहून घेतलं. मग आईकडे वळले. "वहिनी?"

आईने पदर सावरला. "पोरीनं सांगितलं तेच माहं लिवा."

"आणि तुम्ही?" काकांनी बाबांना विचारलं. "अंगठा नंतर. आधी मत."

बाबांनी पायाचं बोट चोळायचं थांबवलं. "माहं मत?" ते म्हणाले. "भाऊ, इतक्या कागदाले अंगठा लावला, मले आजवर कोणी इचारलं नाही." मग मामांकडे न बघता, शाईच्या डबीकडे बघत म्हणाले, "शिकू द्या तिले. तो फारम आण वं."

मामा त्याच संध्याकाळी रागावून गेले, ते दोन वर्षं आले नाहीत. आत्या मात्र चहा पिऊन गेल्या. चहा पुन्हा करावा लागला.

फॉर्मवर बाबांनी अंगठा उठवला. काकांनी साक्षीदार म्हणून सही केली आणि पेन बंद केलं. मी कागद उलटून पालटून पाहिला. सहीखाली काही नव्हतं.

"काका, विरोध?"

"जागा कमी आहे," ते म्हणाले. जागा चांगली चार बोटं होती.

मी शेवटच्या वर्षाला असताना काकांच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरला. लाल रजिस्टरची पानं सुटायला लागली होती. "तुझं अक्षर बरं आहे. नव्या वहीत उतरवून दे," ते म्हणाले. मी पहिल्या पानापासून सुरुवात केली. पहिलं पान खूप जुनं होतं, शाई तपकिरी पडलेली.

विषय: चि. कुसुमची शाळा बंद करणे. उपस्थिती: घरची मंडळी. निर्णय: सर्वानुमते मंजूर. आणि चौथ्या रकान्यात, वेगळ्या शाईने, मोठ्या माणसाच्या पक्क्या अक्षरात: विरोध, एक. त्या वेळी नोंदवायचा राहिला.

"कुसुम कोण, काका?"

"बहीण. तुझ्यापेक्षा हुशार होती." काकांनी चष्मा काढून पुसला, जरी आता त्याचा काही उपयोग नव्हता. "घरात मॅट्रिक झालेला मी एकटा. म्हणून निर्णय मलाच लिहायला सांगितला. ती दारात उभी होती. माझ्याकडे बघत होती."

"आता कुठे असतात?"

"आर्वीला. मी दर महिन्याला पत्र लिहितो. उत्तर तिचे यजमान लिहितात. 'इकडे सर्व कुशल.'" चष्मा परत चढवत म्हणाले, "सर्व म्हणजे कोण कोण, ते लिहीत नाहीत."

मी ते पान शब्दही न बदलता उतरवलं.

निकाल लागला तेव्हा पेढे घेऊन पहिली काकांकडेच गेले. दुसरी श्रेणी ऐकून त्यांनी पहिली मिळायला हवी होती म्हणून विरोध नोंदवला, आणि दोन पेढे कागदात बांधून मागितले. आर्वीला न्यायला. पत्राने भागणार नाही, या वेळी स्वतः जातो म्हणाले.

बाबांना सही मी शिकवली. त्यांच्या निवृत्तीच्या कागदांवर साक्षीदार लागला नाही. काकांनी त्यालाही विरोध नोंदवला, आणि मग ती सही किती तरी वेळ स्वतःच डोळ्यांजवळ धरून बघत बसले, आम्हाला बघायला दिली नाही.

मी बी.एससी. झाले. आमच्या घराण्यातली पहिली पदवीधर. माझ्या मागून तिघं झाली.