बिनचूकरावांचा चावा

"अकरा वर्षांत माझी एक फाईल परत आलेली दाखवा, नाव बदलून टाकीन!" डबा उघडता उघडता बिनचूकराव गरजले.

त्यांचं खरं नाव दवाखान्यात कुणाला आठवतच नव्हतं. काम कोडिंगचं. पेशंटला काय झालं, कशानं झालं, तो पहिल्यांदा आलाय की पुन्हा दाखवायला, या सगळ्याचा एक कोड असतो. कुत्रा चावला तर वेगळा, उंदीर चावला तर वेगळा. बिनचूकरावांना ते सगळे तोंडपाठ!

त्या दुपारी समोर फाईल आली ती थेट त्यांच्या सासूबाईंची. गावाला गेलेल्या शेजारणीचा पोपट सासूबाईंनी आठवडाभर सांभाळला आणि त्यानं उपकाराची फेड म्हणून बोटाचा लचका तोडला. जखम पुन्हा दाखवायला त्या सकाळीच येऊन गेल्या होत्या.

घरची फाईल! बिनचूकराव ताठ बसले. तेवढ्यात फोन वाजला.

"जावईबापू, माझं झालं का हो काम?"

"होतंय, आई!" म्हणत त्यांनी बटण दाबलं. पोपटाच्या ओळीवर नाही, तर 'माणसाने घेतलेला चावा'च्या ओळीवर! पुढे 'पुनर्भेट' मात्र अगदी आठवणीनं लावलं आणि स्वतःवरच खूश झाले.

दवाखान्याच्या समाजसेविकेनं ती नोंद वाचली आणि तिचा चहा थंड झाला. वयस्कर बाई, माणसाचा चावा, त्यात पुन्हा आलेली! तिनं घरी फोन लावला. उचलला सासरेबुवांनी.

"आजोबा, घरात तुमच्या मिसेसना कुणी चावतं का?"

"तिला कोण चावणार? तीच सगळ्यांचं डोकं खाते!"

"म्हणजे... त्यासुद्धा?"

"रोज! सकाळी माझं, संध्याकाळी जावयाचं!"

समाजसेविकेनं लगेच लिहिलं: 'परस्पर चावे. घरभेट तातडीची.'

संध्याकाळी बिनचूकराव सासूबाईंच्या घरात शिरले, तर सोफ्यावर समाजसेविका, शेजारी दवाखान्यातला धिप्पाड ब्रदर.

"घरात कोण कोण असतं?" समाजसेविकेनं विचारलं.

"आम्ही दोघं. मुलगी महिनाभर परगावी. जावई वरच्या मजल्यावर," सासरे म्हणाले. "आणि माझ्यावर संशय असेल तर हे घ्या!" त्यांनी कवळी काढून टीपॉयवर ठेवली.

सगळ्यांच्या नजरा बिनचूकरावांच्या बत्तीस दातांकडे वळल्या. त्यांनी ओठ घट्ट मिटले. ते तर आणखीच संशयास्पद दिसलं!

"आजी, घाबरू नका," समाजसेविका हळुवारपणे म्हणाली. "कुणी केलं हे?"

"जाऊ दे हो," सासूबाईंनी सुस्कारा सोडला. "मुकं जनावर ते, त्याला काय कळतंय? तिन्ही त्रिकाळ खाऊ घातलं, तरी चावला मेला!"

"अहो, पोपट! पोपट!" बिनचूकराव किंचाळले.

"त्यांना बोलू द्या," ब्रदर उठून उभा राहिला. "पोपटाची कुठेही नोंद नाही. नोंद माणसाची आहे. दवाखान्याच्या नोंदी चुकत नाहीत."

बिनचूकरावांना दरदरून घाम फुटला. कारण ते वाक्य त्यांचंच होतं, कोडिंगच्या खोलीच्या भिंतीवर त्यांनी स्वतःच्या हातानं चिकटवलेलं! आता दोनच वाटा उरल्या. एक तर सासूला चावलो म्हणायचं, नाहीतर कोड चुकलो म्हणायचं. आणि खोटं कशाला सांगा, क्षणभर त्यांना पहिली वाट सोपी वाटली!

"मी... चा..."

"बोला, बोला!" समाजसेविकेनं पेन सरसावलं.

"चावलो नाही हो! चुकलो! कोड चुकलो मी!"

सासूबाई टाळी वाजवून उठल्या.

"चुकलात? तुम्ही? अहो, ऐकलंत का? जावईबापू चुकले!" त्यांनी दुखऱ्या बोटासकट जावयाची दृष्ट काढली, सगळ्यांना चहा टाकला आणि चहा उकळेपर्यंत मुलीला, बहिणीला आणि दोन भावजयांना फोनही करून टाकले. बोट दुखत होतं, हे त्या विसरूनच गेल्या.

दुसऱ्या दिवशी बिनचूकरावांनी आयुष्यातला पहिला चूक-दुरुस्तीचा अर्ज भरला. कोड चार वेळा तपासला, पोपटच आहे ना याची शेजारच्या टेबलाकडून खात्री करून घेतली आणि अर्ज साहेबांकडे पाठवला.

दहा मिनिटांत तो परत आला. सही करायची राहिली होती.